तान्ह्या बाळाची कावीळ : पहिले पाच दिवस डोळ्यांत तेल घालून जपा



घाटकोपर पश्चिमेच्या आमच्या डोंगरवस्तीत एक मुलगा राहतो. वय विशीच्या पुढे. गल्लीत कॅरमचा डाव मांडला की त्याची आई त्याला खुर्चीत बसवून बाहेर आणते. कोणाची सोंगटी चुकली, कोणी लबाडी केली, हे त्याला सर्वांच्या आधी कळते आणि तो हसतो. पण त्याला स्वतःला स्ट्रायकर मारता येत नाही. हात न्यायचा एकीकडे आणि जातो भलतीकडे. मान वळते, तोंड वेडेवाकडे होते. ऐकू जवळजवळ येत नाही, म्हणून बोलणेही नाही. घास भरवावा लागतो. नवखा माणूस त्याला 'मतिमंद' म्हणून मोकळा होतो. तो मतिमंद नाही. त्याला सारे समजते.

हा मुलगा जन्मला तेव्हा तीन किलो वजनाचा, चांगला बाळसेदार होता. त्याचे हे अपंगत्व जन्मानंतरच्या पाच दिवसांत आले. कारण काय, तर कावीळ. आणि ते टाळता येण्यासारखे होते. म्हणून आज हा विषय घेतला आहे. मी डॉक्टर नाही, कचेरीतला कारकून आहे. पण या मुलामुळे मी या आजाराबद्दल वाचत गेलो, डॉक्टरांना विचारत गेलो. जे समजले ते आपल्या घरातल्या भाषेत सांगतो.

त्या पाच दिवसांत काय घडले?

२००३ च्या पावसाळ्यातली गोष्ट. या मुलाच्या आईचे हे दुसरे गरोदरपण. त्याआधी तिसऱ्या महिन्यात एकदा गर्भ पडला होता. तेव्हा एका खाजगी दवाखान्यात पिशवी साफ केली आणि बाई घरी आली. तिचा रक्तगट 'ओ निगेटिव्ह' आहे, तेव्हा एक इंजेक्शन घ्यायला हवे, हे तिला कोणी सांगितले नाही.

पुढे बाळंतपण नीट झाले. दुसऱ्याच दिवशी घरी सोडले. त्याच संध्याकाळी आजीला बाळ पिवळसर वाटले. शेजारपाजारच्या बाया म्हणाल्या, "सगळ्याच लेकरांना होतं, कोवळं ऊन दाखवा." पण पाऊस लागून राहिलेला. ऊन काही पडेना, आणि घरची मंडळी उन्हाची वाट पाहत राहिली. तिसऱ्या दिवशी कोणीतरी काविळीची माळ आणून बाळाच्या गळ्यात घातली. चौथ्या दिवशी बाळ रडायचे थांबले, दूधही ओढेना, नुसते झोपून राहिले. आजी म्हणाली, "किती गुणी लेकरू आहे, त्रासच देत नाही." पाचव्या रात्री ते एकाएकी किंचाळल्यासारखे रडू लागले आणि त्याची पाठ धनुष्यासारखी मागे वाकली. मग रिक्षा, मग महापालिकेचे रुग्णालय. तिथल्या डॉक्टरांनी रात्रभर खपून बाळाचे रक्त बदलले. जीव वाचला. मेंदूला व्हायची ती इजा होऊन गेली होती.

एक गोष्ट मला इथे कबूल करायची आहे. तिसऱ्या दिवशी मी त्या घरात होतो. बाळाच्या वडिलांना कारखान्यात बाळंतपणाच्या मदतीचा अर्ज द्यायचा होता आणि वस्तीतले अर्ज मीच लिहितो. रुग्णालयाचे कार्ड माझ्या हातात होते. आईचे नाव, वय, बाळाचे वजन उतरवून घेतले. 'रक्तगट : ओ निगेटिव्ह' हेही मी वाचले, आणि पुढच्या रकान्याकडे वळलो. बाळ माझ्यासमोर पिवळे पडलेले होते. त्या दोन अक्षरांचा आणि त्या पिवळेपणाचा संबंध मला ठाऊक नव्हता. आपल्या वस्तीत कार्ड वाचू शकणारी माणसे आता पुष्कळ आहेत. कार्डावर काय पाहायचे एवढे त्यांना कळले, तरी या लेखाचे काम झाले.

ही कावीळ असते तरी काय?

मोठ्या माणसाला दूषित पाण्यामुळे जी कावीळ होते, ती ही नव्हे. ही एका बाळाची दुसऱ्याला लागत नाही. आईने हळद किंवा पिवळी डाळ खाल्ली म्हणूनही होत नाही.

आपल्या रक्तातील तांबड्या पेशी जुन्या झाल्या की फुटतात. त्यातून 'बिलिरुबिन' नावाचे पिवळे द्रव्य तयार होते. मोठ्या माणसाचे यकृत ते पचवून शौचावाटे बाहेर टाकते. नवजात बाळाच्या अंगात तांबड्या पेशी जास्त असतात, त्या लवकर फुटतात, आणि यकृत अजून कामाला नवखे असते. म्हणून पिवळे द्रव्य साठते आणि बाळ पिवळे दिसते. पूर्ण दिवसांच्या शंभर बाळांतील सुमारे साठ बाळे आणि अपुऱ्या दिवसांच्या शंभरातील सुमारे ऐंशी बाळे पहिल्या आठवड्यात थोडीफार पिवळी होतात. बहुतेकांची कावीळ दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी दिसू लागते, तिसऱ्या ते पाचव्या दिवशी सर्वांत जास्त असते आणि आठ-पंधरा दिवसांत आपोआप जाते. म्हणजे शेजारणी म्हणाल्या ते अगदीच खोटे नव्हते. घोटाळा इथेच होतो. शंभर घरांत जे आपोआप बरे झाले, तेच एकशे एकाव्या घरातही होईल असे आपण धरून चालतो.

त्या एकशे एकाव्या बाळाच्या रक्तात पेशी फार झपाट्याने फुटत असतात, किंवा दूध पोटात न गेल्याने द्रव्य बाहेर पडत नसते. रक्तातील अल्ब्युमिन नावाचे प्रथिन हे द्रव्य धरून ठेवते, त्यामुळे ते मेंदूत शिरत नाही. प्रमाण फार वाढले की धरून ठेवणारे कमी पडते. मग सुटे राहिलेले द्रव्य मेंदूत उतरते. तेही नेमके मेंदूच्या खोल भागात, जिथून हातापायांच्या हालचालींवर ताबा राहतो, आणि कानाकडून येणाऱ्या मज्जातंतूंच्या केंद्रांत. या भागांना पिवळा डाग पडतो. १९०३ साली श्मोर्ल या जर्मन डॉक्टरने या इजेला 'कर्निक्टेरस' असे नाव दिले. म्हणूनच आमच्या वस्तीतल्या मुलाची समज शाबूत आहे, पण हात आणि कान गेले. एकदा झालेली ही इजा कोणत्याही औषधाने भरून येत नाही.

कोणत्या बाळाला धोका जास्त?

हे आधीच कळले तर पुढचे सोपे होते. पुढील गोष्टी एकेक करून आपल्या घराशी ताडून पाहा.

पहिली गोष्ट, आईचा रक्तगट निगेटिव्ह आणि वडिलांचा पॉझिटिव्ह. आपल्या देशात शंभरातील सुमारे पाच माणसे निगेटिव्ह असतात. बाळ वडिलांवर गेले आणि त्याचे थोडे रक्त बाळंतपणात किंवा गर्भपातात आईच्या रक्तात मिसळले, की आईचे शरीर त्या पेशींविरुद्ध प्रतिद्रव्ये तयार करते. पहिले मूल बहुधा सुटते. पुढच्या मुलाच्या तांबड्या पेशी ही प्रतिद्रव्ये पोटात असतानाच फोडू लागतात. यावर अ‍ॅण्टी-डी हे इंजेक्शन १९६८ पासून जगात उपलब्ध आहे. बाळंतपणानंतर ७२ तासांच्या आत, तसेच गरोदरपणाच्या २८ व्या आठवड्यात, आणि गर्भ पडला किंवा पाडला असेल तर त्या वेळीही ते घ्यावे लागते. हे शेवटचेच आपल्याकडे सर्वांत जास्त राहून जाते. प्रतिद्रव्ये एकदा तयार झाली की मग इंजेक्शनचा उपयोग नाही. ऑस्ट्रेलियातील जेम्स हॅरिसन या गृहस्थांच्या रक्तात या इंजेक्शनला लागणारा घटक होता. त्यांनी १९५४ ते २०१८ या काळात ११७३ वेळा रक्तद्रव दान केला. २०२५ साली ते वारले. एक माणूस आयुष्यभर सुई टोचून घेतो आणि आपण मात्र इंजेक्शनची चौकशीही करत नाही!

दुसरी गोष्ट, आईचा गट 'ओ' आणि बाळाचा 'ए' किंवा 'बी'. 'ओ' गट आपल्याकडे घरोघर आहे. ही जोडी बहुधा सौम्य असते, पण काही बाळांना चांगलीच कावीळ होते, आणि ती पहिल्या मुलातही होऊ शकते. यावर इंजेक्शन नाही. लक्ष ठेवणे हाच उपाय.

रक्तगटांच्या इतिहासात आपल्या मुंबईचे नाव कोरलेले आहे. १९५२ साली परळच्या सेठ जी. एस. वैद्यकीय महाविद्यालयातील डॉ. भेंडे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी एक निराळा रक्तगट जगापुढे आणला. तो आज 'बॉम्बे ब्लड ग्रुप' म्हणून ओळखला जातो. दहा हजारांत एखाद्याचाच असतो. साध्या तपासणीत तो 'ओ' दिसतो, पण या माणसाला 'ओ' रक्त चालत नाही. अशी बाई आई होणार असेल तर तिची तपासणी आणि रक्ताची तरतूद आधीपासून करावी लागते. त्याच परळमध्ये १९५७ साली रक्तगटांची संदर्भ प्रयोगशाळा सुरू झाली. केईएम रुग्णालयाच्या आवारातील ती संस्था आज राष्ट्रीय पातळीवर रक्ताच्या आनुवंशिक दोषांचा अभ्यास करते.

तिसरी गोष्ट, 'जी-सिक्स-पीडी' या द्रव्याची कमतरता. हे द्रव्य तांबड्या पेशीचे रक्षण करते. ते जन्मतः कमी असेल तर विशिष्ट औषधाने किंवा वासानेही पेशी धडाधड फुटतात. दोष आईकडून येतो आणि मुलग्यांत जास्त दिसतो. विदर्भातील आपल्या नातेवाइकांना सिकलसेल ठाऊक आहे. हा त्याहून वेगळा दोष, पण तोही कुटुंबात चालत येतो. पारशी समाजात तो बराच आढळतो. त्याच्या एका प्रकाराला तर आपल्या कल्याण गावाचे नाव मिळालेले आहे. मामा, भाऊ किंवा आधीच्या मुलाला मलेरियाच्या वगैरे औषधानंतर लघवी लाल-काळी होऊन अंग पिवळे पडले असेल, तर डॉक्टरांना ते आवर्जून सांगा.

चौथी गोष्ट, बाळ लवकर जन्मलेले. सात-आठ महिन्यांच्या बाळाकडे सर्वांचे लक्ष असते. फसगत होते ती ३५ ते ३७ आठवड्यांच्या बाळात. ते दिसायला पूर्ण दिवसांचे, पण त्याचे यकृत कच्चे आणि दूध ओढण्याची ताकद कमी.

पाचवी गोष्ट, आधीच्या मुलाला काविळीसाठी दिव्याखाली ठेवावे लागले होते किंवा रक्त बदलावे लागले होते. सहावी, बाळंतपणात चिमटा किंवा पंप लावल्याने डोक्यावर रक्ताची गाठ आली आहे किंवा अंग काळेनिळे झाले आहे. ते साकळलेले रक्त विरघळताना पिवळे द्रव्य वाढवते. सातवी, बाळाच्या रक्तात जंतुदोष आहे. अशा आजारी बाळाच्या मेंदूला कमी प्रमाणातील द्रव्यही अपाय करते. आणि आठवी, अंगावरचे दूध पुरेसे मिळत नाही.

या आठांपैकी एकही गोष्ट नसली तरी गाफील राहू नये. आणि एखादी असली तर घाबरूनही जाऊ नये. बाळंतपणानंतर घरी सोडण्याआधी डॉक्टरांना इतकेच विचारावे : "बाळाची कावीळ मोजली का? पुन्हा दाखवायला कधी आणू?" हल्ली कपाळाला किंवा छातीला टेकवून अंदाज देणारे यंत्रही असते, सुई टोचावी लागत नाही. आकडा जास्त आला तर रक्त तपासतात.

आपल्या घरातल्या काही चुका

आपल्या गर्दीच्या सार्वजनिक रुग्णालयांत खाटा कमी पडतात. साधे बाळंतपण असेल तर दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी घरी पाठवतात. म्हणजे कावीळ सर्वांत वर जाते तेव्हा बाळ डॉक्टरांच्या नजरेसमोर नसते, आपल्या नजरेसमोर असते. आणि आपल्या घरात काय असते? बाळंतिणीची खोली अंधारी. खिडकीला पडदा, वर पिवळा बल्ब. बाळाला हळद-डाळीचे पीठ लावून अंघोळ, वरून पावडर आणि काजळ. अशा ठिकाणी पिवळेपणा दिसणार कसा?

पाचव्या दिवशी सटवाई येऊन बाळाच्या कपाळी नशीब लिहिते, अशी जुनी समजूत आहे. आपल्यापैकी अनेकांनी पाचवी पुजणे सोडले, हे चांगलेच झाले. पण दिवस मात्र लक्षात ठेवावा. मेंदू वाचतो की जातो, हे बऱ्याचदा त्याच सुमारास ठरते, आणि ते ठरवणारी सटवाई नसून आपण वेळेवर उचललेले पाऊल असते.

काविळीच्या माळेचे गूढ काही नाही. देठांचे तुकडे विशिष्ट गाठींनी बांधलेले असतात. वापरात गाठी सैल होतात, माळ लांबत जाते, आणि कावीळ 'उतरली' असे वाटते. हात चुन्याच्या पाण्यात धुतल्यावर पाणी पिवळे होते, तो आंब्याच्या सालीचा रस आधी हाताला चोळल्याचा परिणाम. अंधश्रद्धा निर्मूलनाचे कार्यकर्ते वर्षानुवर्षे हा प्रयोग लोकांसमोर करून दाखवत आले आहेत. साधी कावीळ आपोआप जाते आणि श्रेय माळेला मिळते. साधी नसेल तेव्हा माळेपायी दोन दिवस जातात. त्या दोन दिवसांची किंमत मी रोज डोळ्यांनी पाहतो.

जन्मल्यावर मध, साखरेचे पाणी, गुटी देणे बंद करा. पहिला घट्ट चीक काढून टाकू नका. दिवस-रात्र मिळून आठ ते बारा वेळा अंगावर पाजा. दूध पोटात गेले की शी होते, आणि शीबरोबर पिवळे द्रव्य बाहेर जाते. पाचव्या दिवसापासून दिवसाला सहा तरी दुपटी ओली व्हायला हवीत. कमी होत असतील तर दूध कमी पडते असे समजावे आणि सिस्टरला पाजण्याची पद्धत दाखवायला सांगावे. अशक्त बाळाला आईचे दूध मिळत नसेल, तर मोठ्या रुग्णालयांत दुधाच्या पेढ्या आहेत. आशिया खंडातील पहिली अशी पेढी आपल्या शीवच्या लोकमान्य टिळक रुग्णालयात डॉ. आर्मिडा फर्नांडिस यांनी १९८९ साली सुरू केली.

आणि डांबराच्या गोळ्या! थोरल्या मुलाची झबली-टोपडी आपण पत्र्याच्या पेटीत या गोळ्या घालून ठेवतो, आणि धाकटा जन्मला की तीच काढून घालतो. ज्या बाळात जी-सिक्स-पीडी कमी आहे, त्याच्या तांबड्या पेशी या गोळ्यांच्या नुसत्या वासाने फुटू शकतात. कोणत्या बाळात कमी आहे हे आपल्याला आधी कळत नाही. म्हणून तान्ह्या बाळाच्या कपड्यांत, गोधडीत, कपाटात या गोळ्या ठेवूच नयेत. जुने कपडे वास पूर्ण जाईपर्यंत धुऊन, उन्हात वाळवून मगच वापरावेत. तसेच दुकानातून विचारून आणलेले कोणतेही औषध पहिल्या महिन्यात बाळाला देऊ नये. काही औषधे पिवळ्या द्रव्याला त्याच्या जागेवरून हुसकून मेंदूकडे ढकलतात.

मग कोवळ्या उन्हाचे काय?

उन्हाची गोष्ट खोटी नाही, पण अर्धी आहे. १९५६ साली इंग्लंडमधील रॉचफोर्डच्या रुग्णालयात जीन वॉर्ड नावाच्या सिस्टर लहानग्या बाळांना अंगणात उन्हात नेत असत. एकदा त्यांनी डॉक्टरांना एक बाळ दाखवले. त्याचे अंग फिके पडले होते, पण दुपट्याच्या कोपऱ्याखाली झाकलेला तेवढाच तिकोनी भाग पिवळा राहिला होता. पुढे काविळीच्या रक्ताची एक नळी खिडकीत उन्हात राहिली, तर तिच्यातील पिवळे द्रव्यही कमी झालेले आढळले. यावरून डॉ. क्रेमर आणि सहकाऱ्यांनी शोध घेतला आणि १९५८ साली तो प्रसिद्ध केला. ध्यानात घ्या, त्यांनी बाळांना उन्हात ठेवा असे सांगितले नाही, तर निळ्या नळ्यांचा दिवा बनवला. कारण काम करतो तो प्रकाशातला निळा भाग. तो पिवळ्या द्रव्याचा आकार बदलतो आणि यकृताला कष्ट न देता ते शी-लघवीवाटे निघून जाते. दिव्याखाली बाळ उघडे ठेवून, डोळे झाकून, तासन् तास हा प्रकाश मोजून देता येतो.

उन्हात हे जमत नाही. दहा मिनिटे चेहऱ्यावर पडलेले ऊन काही कामाचे नाही, आणि तास-दीड तास उघडे ठेवले तर कोवळी कातडी भाजते, अंगातले पाणी आटते. नायजेरियात लागोस शहरातील डॉक्टरांनी उन्हाचा उपयोग करून पाहिला आणि २०१५ साली निष्कर्ष मांडले. पण त्यांनी उन्हातील घातक किरण अडवणारे खास पडदे लावले होते, जवळ परिचारिका होत्या आणि काविळीची मोजणी चालू होती. उन्हाच्या भरवशावर घरी बसणे त्यांनीही सांगितलेले नाही.

दिव्यानेही भागत नसेल तर रक्त बदलतात. तीन किलोच्या बाळाच्या अंगात रक्त असते केवढे? सुमारे अडीचशे मिलिलीटर, एक पेलाभर. नाळेतून थोडे काढायचे, थोडे घालायचे, असे दुप्पट रक्त फिरवले जाते. काम जोखमीचे आहे. पण त्याने जीव आणि मेंदू दोन्ही वाचतात, वेळेवर पोहोचले तर.

पाहायचे कसे, धावायचे केव्हा?

बाळाला दिवसा दाराशी, उजेडात आणा. अंगाला हळद-पावडर लावू नका. कपाळावर, मग छातीवर, पोटावर, पायावर बोटाने हलके दाबून सोडा. दाबलेल्या जागी कातडीचा खरा रंग दिसतो. आपली मुले सावळी असतात, म्हणून डोळ्यांचा पांढरा भाग आणि हिरड्याही पाहा. कावीळ तोंडापासून खाली उतरत जाते. जितकी खाली, तितकी जास्त. पण डोळ्यांचा अंदाज चुकतो. शंका आली की मोजून घ्यावे.

पुढीलपैकी एकही खूण दिसली तर त्याच घटकेला निघायचे, सकाळची वाट पाहायची नाही : जन्मल्यापासून २४ तासांच्या आत पिवळेपणा दिसला. तळहात-तळपाय पिवळे झाले. बाळ दूध ओढत नाही, उठवूनही उठत नाही, अंग लुळे पडले आहे. रडणे चिरके, किंचाळल्यासारखे झाले. अंग ताठ होऊन मान-पाठ मागे वाकू लागली. अंगात ताप आहे किंवा बाळ गार पडले आहे. न रडणारे, सारखे झोपणारे पिवळे बाळ 'गुणी' नसते, ते आजारी असते. पंधरवडा उलटूनही कावीळ राहिली, किंवा शी खडूसारखी पांढरी होऊ लागली, तर तो यकृताचा निराळा आजार असू शकतो. त्यातही उशीर चालत नाही.

जायचे कोठे? आधी जिथे बाळंतपण झाले तिथे. कार्ड बरोबर घ्या, आईलाही न्या. उपनगरात महापालिकेची राजावाडी, कूपर, कांदिवलीचे भारतरत्न डॉ. बाबासाहेब आंबेडकर रुग्णालय अशी रुग्णालये आहेत. मोठ्या उपचारासाठी शीव, केईएम, नायर आणि परळचे वाडिया मुलांचे रुग्णालय आहे. २०११ पासून चालू असलेल्या जननी शिशु सुरक्षा कार्यक्रमात सार्वजनिक रुग्णालयांत आजारी नवजात बाळाला उपचार, औषध, रक्त आणि वाहतूक मोफत देण्याची तरतूद आहे. पैशाअभावी घरी थांबू नका. रुग्णवाहिकेसाठी १०८ क्रमांक फिरवा. वाटेत बाळाला ऊब द्या, ओढत असेल तर पाजत राहा.

ज्यांच्या घरी आधीच असे मूल आहे, त्यांनीही हात टेकू नयेत. भारी कावीळ होऊन गेलेल्या प्रत्येक बाळाचे कान यंत्रावर लवकर तपासून घ्यावेत. वांद्र्याला अली यावर जंग यांच्या नावाची राष्ट्रीय श्रवण संस्था आहे. मेंदूच्या पक्षाघाताला २०१६ च्या कायद्याने अपंगत्वाच्या यादीत स्थान आहे. प्रमाणपत्र काढा, व्यायामोपचार सुरू करा, शाळेचा हक्क मागा. आमच्या वस्तीतल्या मुलाला हे सारे फार उशिरा मिळाले.

शेवटी एकच सांगतो. २०१९ साली त्याच मुलाची मावशी बाळंतीण झाली. तिचाही गट निगेटिव्ह. या खेपेला मी तिचे कार्ड सहाव्या महिन्यातच मागून घेतले, आणि वहिनीने, म्हणजे मुलाच्या आईने, बहिणीला स्वतः नेऊन २८ व्या आठवड्याचे इंजेक्शन घ्यायला लावले. बाळंतपणानंतरचेही घेतले. मुलगी झाली. तिसऱ्या दिवशी तिचे पोट पिवळे दिसले. घरात कोणी ऊन, माळ काही बोलले नाही. तासाभरात रुग्णालयात होते. दोन दिवस दिव्याखाली ठेवली आणि घरी आणली.

आता ती शाळेत जाते. सुट्टीत मावशीकडे आली की दादाच्या खुर्चीजवळ बसून कॅरम खेळते. कोणती सोंगटी मारू, असे बोटाने दाखवून विचारते. तो डोळ्यांनी सांगतो. बहुतेक वेळा त्याचे बरोबर असते.

आपल्या घरात, शेजारात कोणी गरोदर असेल तर आजच तिचे कार्ड मागा आणि रक्तगटाचा रकाना वाचा. तो कोरा असेल तर उद्याच तपासून घ्या.